तयार : आता

वाळूजच्या प्लँटमध्ये दुपारी शिफ्ट बदलते,
पत्रा तापून टकटक वाजत असतो,
आणि माझ्या स्क्रीनवर नऊ चौकोन.
उभी क्षमता, आडवी कामगिरी.
सिंगापूरहून आलेला तक्ता.
शुक्रवारपर्यंत त्यात माणसं बसवायची आहेत.

वर उजव्या कोपऱ्यात एकाचीच जागा.
तिथं बसेल तो दोन वर्षं जर्मनीला,
मग पुढं कुठंही; कंपनीचं जग मोठं आहे.
मी रेवण नागरगोजेला माउसनं उचलतो,
कॉलर धरल्यासारखा,
तिथं ठेवतो.
परत उचलतो.

परळीचा आहे. थर्मलची राख झटकून
शाळेचा सदरा घालणारा.
पुण्याहून कोचबाई यायच्या, त्यांनी विचारलं,
तुमच्या नेतृत्वाची कहाणी सांगा.
म्हणाला, कहाणी कशाची मॅडम,
रात्री दोनला तीन नंबर भट्टीचा आवाज बदलला,
बंद केली.
मग फोन लावत बसलो, कुणी उचलंना.
बाईंनी लिहून घेतलं : अनिश्चिततेत निर्णयक्षमता.
मी त्या वर्षी लिहिलं होतं :
परवानगीशिवाय उत्पादन थांबवलं.
दोन्ही नोंदी एकाच फायलीत आहेत,
एकमेकींकडं पाठ करून.

काल केबिनचं दार लावून विचारलं, जाशील का?
"जातो की.
लाइन तशीबी मुबीनाच बघायली,
मी नुसता उभा राहायलो."
कधीपासून?
"दिवाळीपासून. तुम्हाला बोललो नाही.
ती चुकायची, मी मागं हात बांधून.
लई जड जातं सर,
येत असताना हात मागं बांधून उभं राहणं."

तक्त्यात 'शेरा' आहे, मोजक्या अक्षरांचा.
मी टाइप केलं. 'हात मा'पाशी
कर्सर थांबला.

मग दुसरं पान उघडलं :
पद रिकामं झाल्यास.
पहिली ओळ माझी.
माझ्या नावापुढं कुणीतरी आधीच भरून ठेवलेलं,
वारस : आर. नागरगोजे.
तयार : आता.

आता.
म्हणजे निवृत्तीला तीन वर्षं आहेत तरी आता.
म्हणजे तो जर्मनीला गेला तर
ही खुर्ची अजून दोन वर्षं माझी.
त्याला कोपऱ्यात ठेवताना
माझं बोट कुणासाठी दाबलं गेलं,
हे पत्नीलाही सांगता येणार नाही.
एवढं खरं की दाबलं.
आणि मुबीना पठाण हे नाव
मी पहिल्यांदाच पूर्ण टाइप केलं,
सहा वर्षांत.

खाली लाइन सुरू झाली.
आवाज जरासा वेगळा वाटतो,
अर्धा सूर खाली, नेहमीपेक्षा.
फोन टेबलावर आहे.
मी उठतो, काचेशी जातो,
मागं हात बांधून बघतो
किती वेळ जमतं.