अडीच

क्ष वर्ग वजा पाच क्ष अधिक सहा,
आणि हे सगळं मिळून शून्याहून लहान.
फळ्यावर एवढं लिहून मी खिडकीशी थांबले.
खाली रस्ता अडवून
गंगावेशीकडं परतणाऱ्या म्हशी.

शर्मिष्ठा तोडकरनं वही पुढं सरकवली:
क्ष दोनाहून लहान, क्ष तीनाहून लहान,
खाली दोन रेघा, उत्तर संपल्याच्या.
बरोबरच्या चिन्हाची सवय हातातून जात नाही.
तिथं मुळं सापडली की सुटलो;
इथं मुळं म्हणजे नुसते बांध,
शेत मधलं की बाहेरचं, ते अजून बघायचंच असतं.

"शून्य घालून बघ." सहा आले.
"सहा काय शून्याहून लहान?"
ती गप्प.
"चार घाल." दोन.
"आता अडीच."
ओठांतल्या ओठांत पुटपुटली,
सव्वासहा, अधिक सहा, सव्वाबारा,
त्यातनं साडेबारा गेले...
"वजा पाव!" आणि एकदम वर बघितलं,
"बाई, ही तर गोळी झाली."

वडणग्याला तिचे आण्णा गुळव्या.
काहिलीत रस चढतो,
भेंडीच्या पाण्यानं मळी वर येते,
आण्णा गार पाण्याच्या वाटीत थेंब सोडतात,
बोटानं चाचपतात.
पसरला तर काकवी.
कडकन वाजला तर गेला.
मधे कधीतरी मऊ गोळी वळते,
तेवढ्यात काहील उतरवायची.
"घड्याळावर न्हाई वो बाई. उसागणिक वेगळं,
खोडव्याचं निराळं, आडसालीचं निराळं.
एकदा मीच म्हणालो, उतरवा की आता.
रवा धरलाच न्हाई,
गळत गेला मार्केट यार्डापर्यंत."

सकाळची मीटिंग आठवली.
बीजगणित सहावीत आणायचं की आठवीत,
हेडसरांना मंगळवारपर्यंत एक आकडा हवा.
कुणी म्हणालं, जेवढं लवकर तेवढं बरं.
कुणी म्हणालं, पोरांना पावकी येत नाही अजून.
मी मान हलवली, दोन्हीला.

आणि रियाज नदाफ.
आठवीत त्याला म्हणाले होते,
अक्षरांचं गणित तुझ्यासाठी नाही बाबा.
परवा उद्यमनगरात पंपाचा शाफ्ट घेऊन गेले,
लेथवर तोच. तेलकट कागदावर चाळीस,
पुढं अधिक-वजा, मिलिमीटरचे शंभरातले दोन भाग.
"नेमका चाळीस कुणालाच जमत न्हाई, बाई.
ह्या दोघांच्या मधे बसला की झालं."
पैसे घेईना.
तेच जास्त लागलं.

फळ्यावर रेघ ओढली. दोनवर पोकळ गोल,
तीनवर पोकळ गोल, मधलं खडूनं जाड केलं.
"आणि बाई, समजा एखादं
शून्याच्या खाली आलंच न्हाई तर?"
"सहाच्या जागी सात घाल."
तिनं घातले. पुन्हा अडीच.
या वेळी पाऊण, धन.
पुढंमागं सरकून बघितलं, धनच.
"मग ह्याला उत्तरच न्हाई?"
"ह्या गणिताला," मी म्हणाले.
"गणिताला."
दुसऱ्यांदा का म्हणाले कोण जाणे.

घंटा झाली. ती अजून
दोन पूर्णांक सहा दशांश घालून बघत होती.