अर्धा आंबलेला विळा

पिंपळटोल्याची कुंभारआळी जिथे चुलबंदकडे उतरते
तिथे सायत्राबाईचं छपर होतं.
भट्टी नाही, फुंकणी नाही, पारा-गंधक काही नाही.
फक्त बत्तीस गाडगी, गळ्यापर्यंत भुईत पुरलेली,
आणि ती, उकिडवी,
एकेका तोंडाला कान लावून.

लोक तिला आंबट किमयेची बाई म्हणत.
"आगीनं होते ते जळणं," ती म्हणायची,
"बदलाले ऊब लागते. अना कोणीतरी वाट पायनारं."

मी तेरा वर्षांचा. मामाचा विळा घेऊन गेलो,
गंजलेला, मूठ सुटलेली.
मंडईत एक सायकल पाहिली होती हिरवी,
म्हणून म्हटलं, याचं सोनं करून दे.

ती इतकी हसली की तीन झाकणं हलली.
"सोनं आंबतच नाही गा. मेलेला धातू तो.
लोखंडाचं बरं. गंज येते,
म्हंजे त्याच्या पोटात भूक आहे."

उजाडायच्या आधी पडलेली मोहफुलं,
तीन दिवसांची तांदळाची पेज, मूठभर वारुळाची माती,
आणि वरून चमचाभर गढूळ पाणी: विरजण.
ते तिला तिच्या गुरूनं दिलं होतं, त्याला कुण्या गुराख्यानं.
विकत मिळत नाही. उसनं मागावं लागतं,
आणि देणाऱ्यानं
घेणाऱ्याचं नाव विसरावं लागतं.
हा नियम मी तेव्हा नीट ऐकला नाही.
मी सायकलीची घंटी ऐकत होतो.

शेजारच्या गाडग्यात पोलीस पाटलाची शिट्टी होती,
दोन पावसाळे झालेली; रात्री आपोआप
पिंगळ्यासारखी बोलायची.
बकाराम मास्तरांचं घड्याळ वर आलं तेव्हा बंदच होतं,
पण बारावर कोवळी पालवी.
आणि कोपऱ्यात, सगळ्यात मोठ्या रांजणात,
दोन जावांचा अकरा वर्षांचा रुसवा.
त्याला फेसच येत नव्हता.
सायत्राबाई रोज सकाळी त्याला शिव्या घालायची.

अठराव्या दिवशी दारूवाले आले, जीप घेऊन.
साहेबानं नेमका तोच रांजण उघडला,
काठी घातली, हुंगलं,
आणि बांधावर जाऊन बसला, टोपी मांडीवर.
बऱ्याच वेळानं म्हणाला,
कुणाकडे कोरं अंतर्देशीय आहे का,
मला वहिनीला पत्र लिहायचं आहे.
पंचनाम्यात लिहिलं: द्रव. रंग सांगता येत नाही.
त्या रात्री रांजणाला पहिला बुडबुडा आला.

माझा विळा मात्र गप्प.
पस्तीस दिवस. अडतीस.
एकेचाळिसाव्या रात्री ती नदीवर गेलेली पाहून
मी झाकण काढलं.

गाडग्यानं सुस्कारा टाकला,
झोपेतून उठवलेल्या माणसासारखा.
विळा मुठीकडून लोखंडच होता.
टोकाकडे काहीतरी निराळं,
कोमट, मोहाच्या वासाचं, किंचित फुगणारं
आणि बसणारं.
त्यानं गवत कापलं तर गवताला कळत नसे.
कापलेली पेंढी दुपारपर्यंत
वाऱ्यावर डोलत राही.

ती रागावली नाही. रागावली असती तर बरं होतं.
"अर्धं आंबलेलं परत पुरता येत नाही.
आता तूच त्याचं गाडगं."
आणि चमचाभर विरजण ओतलं माझ्या ओंजळीत.

आज मी लाखांदूरच्या भातगिरणीत काट्यावर बसतो.
सायकली तीन झाल्या, तिन्ही चोरीला गेल्या.
विळा खुंटीवर.
चैत्रात मोह पडायला लागला की
टोकातून बारीक आवाज येतो,
बायको म्हणते उंदीर,
मी उठून कान लावतो.

दुसऱ्याच दिवशी मी तिच्याकडे गेलो होतो खरं तर,
मूठ बसवून, माफी घेऊन.
ती गाडग्यापाशी उकिडवी होती.
मान वर करून, अगदी मायेनं,
तिनं विचारलं,
"कोणाचा गा तू?"