जिभळी

"जीभ वर करा."
दिवसातून दोनशे वेळा मी एवढंच म्हणते, टॉर्च धरून,
सकाळी माझगावच्या बेटावर, दुपारी परळच्या,
भरती चढली की वरळीला.
समुद्र बुजवायचं कुणाला सुचलंच नाही
अशी ही मुंबई, सात तुकड्यांची.
पालिकेच्या कागदावर तिचं नाव परोपजीवी क्रमांक नऊ.
वस्तीत जिभळी.

राजगिऱ्याच्या दाण्याएवढी, पांढरी,
जिभेखालच्या निळ्या शिरेला पाय रोवून बसलेली.
मांदेलीच्या कल्ल्यातून आली म्हणतात.
आंब्यावर बांडगूळ धरतं तशी धरते,
पण रक्त पीत नाही,
गिळलेलं बोलणं पिते.
ओठापर्यंत येऊन मागे फिरलेलं जे काही, त्यावर पोसते.
वर्षभरात चिंचोक्याएवढी होते,
मग माणसाला ‘र’ म्हणता येत नाही,
मग स्वतःचं नाव.

औषध साधं: कोकमाच्या आगळाची गुळणी,
आणि जे गिळलंय ते ज्याचं त्याला
तोंडावर सांगायचं.
मी साक्षीला बसते. फॉर्म क्रमांक चार.

बहुतेकदा फुटकळ असतं.
"तुमच्या लग्नातली कढी फुटली होती, वन्सं."
टप्.
दाणा ताटलीत पडतो, दोनदा वळवळतो,
लोक हसतात, चहा ठेवतात.
एका मास्तरांच्या तोंडातून सतरा निघाल्या,
सगळ्या एकाच हेडमास्तरांच्या नावच्या.
ते वारून नऊ वर्षं झालेली;
फोटोसमोर बसवून काढाव्या लागल्या.

पण शिवडीच्या धक्क्यावर मोरेश्वर वैती
धाकट्या भावाकडे बघत म्हणाला,
"जाळं खडकाला नव्हतं लागलं. मी कापलं होतं."
पडली. चिंचोक्याएवढी, काळपट.
भाऊ काही बोलला नाही.
पाण्याचा तांब्या उचलला, खाली ठेवला,
म्हणाला, "असू दे."
पंधरा दिवसांनी त्याची जीभ वर केली,
तर तिथे, निळ्या शिरेला, नवा दाणा.

त्या रात्री मी वही काढून मागची पानं उलटली.
बरे झालेले: तीनशे बारा.
नवे: तीनशे बारा.
आधीच्या महिन्यातही बेरीज जुळलेली,
त्याच्या आधीच्याही.
साहेबांना दाखवलं. साहेब म्हणाले,
"बऱ्या झालेल्यांचा आकडा तेवढा वर पाठवा."
मी बरं म्हणाले.
जिभेखाली काहीतरी मुंगीसारखं चाललं.

हसाजी नावाडी जन्माचा मुका, बहिरा.
वल्ही मांडीत दाबून हातांनी बोलतो:
सुरमईचा भाव, बायकोचं माहेर,
माझी चप्पल कशी कुत्र्याने चघळल्यासारखी,
मी किती उशीर करते.
मनात आलं की बोटांत.
त्याचं तोंड मी तपासलंय,
सातही बेटांवर इतकं स्वच्छ तोंड नाही.
त्याच्याकडून मी थोडं शिकले:
पाणी. राग. खोटं. साहेब. पुरे.

काल माहीमहून निघताना ‘र’ अडकला.
परळ म्हणायला गेले, पळ झालं.
हसाजीने ओठ वाचले, वल्हं थांबवलं,
हात उडवून विचारलं, कुठे पळू?

मी कंदील फुंकला.
अवसेची खाडी. त्याला माझे हात दिसणार नव्हते,
मलाच दिसत नव्हते.
मग सांगत सुटले,
साहेब, आकडा, वैतीचा भाऊ,
आईच्या पाटल्या खरं कुणी मोडल्या.
खूण येत नव्हती तिथे नुसती बोटं वाकवली.
कुणी बघत नव्हतं, म्हणजे कुणाला लागणार नव्हतं.

मधेच होडी कलली.
त्याने काड्यापेटी काढली असावी,
सरकवल्याचा आवाज झाला.
मग बराच वेळ
काडी ओढल्याचा आला नाही.