मागच्या रांगेत

पणजोबा मागे उभे होते, पार मागे,
जिथे गर्दी संपून चिखल सुरू होतो.
ईनस टिलरी, वय सव्वीस.
काम असं की शेतात घाईघाईनं पुरलेले शिपाई उकरायचे,
खिसे चाचपायचे (एखादा कंगवा, पत्र, नशीब असेल तर नाव)
आणि टेकडीवर ओळीनं नीट निजवायचे.
त्या दिवशी फावड्यांना सुट्टी. मोठी माणसं येणार होती.

पहिला वक्ता दोन तास बोलला.
ग्रीस आलं, अथेन्स आलं,
पणजोबांच्या पायांना मुंग्या आल्या.
मग तो उंच माणूस उठला.
यांनी तंबाखूची चिमूट गालात धरली,
तेवढ्यात तो खाली बसलासुद्धा.

काय ऐकू आलं?
वारा. एक घोडा खोकला. कुणाचं तरी पोर रडलं.
आणि एक शब्द भरकटत आला, एकटाच:
समान.
कोण, कुणाशी, कधीपासून,
ते वाऱ्यानं परस्पर नेलं.

दुसऱ्या दिवशी पुन्हा फावडं.
भाषण संपलं होतं, खड्डे संपले नव्हते.
पणजोबा स्वतः निजले ते
गावाच्या दुसऱ्या टोकाला, आमच्या लोकांच्या कुंपणात.

हे सगळं आत्या डॉर्कसकडून.
तिनं ते त्यांच्या मांडीवर बसून ऐकलेलं,
आणि मला सांगितलं त्या जुलैत,
जेव्हा पोहण्याच्या तलावाच्या फाटकावरून
मला परत पाठवलं, टॉवेल काखेत तसाच कोरडा.
मी नऊ वर्षांची. भाषण तोंडपाठ होतं,
शाळेत बक्षीस मिळालेलं, पेन्सिलींचा डबा.

पुढे कोर्टाचा हुकूम आला, की सगळ्यांना आत सोडा.
नगरपालिकेनं तलाव बुजवला.
ट्रक भरभरून माती.
आता सगळ्यांना समान.

एकतीस वर्षं मी शिकवलं, खोली क्रमांक सात.
दर नोव्हेंबरात ते भाषण वाचायचे,
घड्याळ लावून. अडीच मिनिटं, फार तर तीन.
पोरं विचारत, बाई, एवढंच?
एवढंच.

त्या एका शब्दापाशी मात्र थांबायचे.
पुस्तकावरून मान वर करून
शेवटच्या बाकाकडे बघायचे,
जिथे एक ना एक पोरगं खिडकीबाहेर हरवलेलं असायचंच,
आणि विचारायचे:
मागे ऐकू आलं का?