शून्यानंतर चार मिनिटं

नवी पेठेत, जिन्याखालच्या माझ्या दुकानात
नरसम्मा कोंडा पदराची गाठ सोडते.
आत कार्ड, नखाएवढं. राजमल्लूच्या फोनचं.
फोन गेला. राजमल्लूही, आषाढात.

फोल्डर उघडतं. मी नावं वाचत जातो:
आधी वर्ष, मग महिना, दिवस,
मग तास मिनिटं सेकंद एका दमात,
मध्ये श्वास घ्यायला एकच अधोरेषा.
ज्यात डब्ल्यूए, ते दुसऱ्या कुणाकडून आलेलं,
त्याला तारीख असते, तास नसतो.
०००७ नंतर एकदम ००१२.
मधले चार कुणीतरी पुसले.
“कोण पुसलं?”
ते नावात येत नाही, अम्मा.

शेवटी एक व्हिडिओ, अकरा सेकंदांचा.
१९७००१०१_०५३४१२
एकोणीसशे सत्तर, एक जानेवारी, पहाटे पाच चौतीस.
ती हसते. “तवा तर ते पाळण्यातबी नव्हते.”

मी सांगतो, बॅटरी काढून ठेवली की फोन काळ विसरतो.
पुन्हा जागा होतो तो शून्यावर,
आणि आपल्याकडे शून्य वाजतं पहाटे साडेपाचला.
म्हणजे कळतं ते इतकंच:
फोन सुरू केला, आणि चार मिनिटं बारा सेकंदांनी
त्यांनी हे काढलं.
दिवस कुठला, ते फोनलाच ठाऊक नाही.

व्हिडिओत तीच. उंबऱ्यात, मांडीवर सूप,
तेंदूच्या पानात चिमूटभर तंबाखू, बोटं चाललेली,
ओठांत तेलुगू आकडे.
एकदाही वर बघत नाही.

“परत लाव.”
तिसऱ्या खेपेला ती काचेवर बोट टेकवते.
“पिंप भरलंय बघ. नळी वली हाय.
म्हंजे पाण्याचा दिवस.
लुगडं गड्ड्यातलं, म्हंजे संक्रांत झालेली.
मागाचा आवाज न्हाई. सूत संपलं असंल,
म्हणून हे घरी.
खोकला लागायच्या आधीचं हाय हे.”

नवव्या सेकंदाला
कॅमेऱ्यामागून एक खोकला येतो. कोरडा.
दोघंही ऐकतो.

“न्हाई,” ती म्हणते. “मग माघ.”

नाव बदलून देऊ? खरी तारीख घालतो.
“ऱ्हाऊ दे. साडेपाचलाच उठायचे ते.”

मग विडीच्या कार्डाची कोरी बाजू पुढे करते,
ते आकडे लिहून दे म्हणते, सगळे, अधोरेषेसकट.
मी लिहितो.
शेवटचा दोन
ती दोनदा विचारून घेते.