ङ चं चित्र

ऑकलंडमधल्या एका जुन्या सभागृहामागे,
स्वयंपाकघराकडे जाणाऱ्या बोळात
एक घडीचं टेबल, त्यावर दिवा,
दिव्याखाली वाकलेले जेराल्ड यूरिच.
वय एकाहत्तर. धंदा नावं कोरण्याचा.
बोलिंग क्लबचे कप, कुत्र्यांच्या गळ्यातले बिल्ले, थडग्यावरचं पितळ,
आणि वर्षातून एकदा, जुलैच्या गारठ्यात,
टेलिव्हिजनवाल्यांचं ‘यंदाचं नवं नाव’.

नाव त्यांना आधी कळत नाही.
आत पाकीट फुटतं, टाळ्या होतात,
मग कुणीतरी धापा टाकत या बोळात येतं,
हातात काचेची लाट, लाटेच्या बुडाशी कोरी पट्टी,
आणि यूरिच चष्म्यावरून विचारतात, स्पेलिंग?

त्या रात्रीचा हा एकच प्रश्न
ज्याचं उत्तर कुणी पाठ करून येत नाही.
तीन वर्षांमागे एकजण टी वर अडकला तो अडकलाच.
कॉर्मॅक टिंडल, नवोदित अभिनेता.
आत्ता बाजूने गेला ना, ग्लासांचा ट्रे तोलत,
काळा एप्रन, केस चापून बसवलेले, तोच.
म्हणाला, कोळंबी संपत आलीय, दोन ठेवू का तुमच्यासाठी?

आज आली ती ध्वनी विभागातली.
चोवीस वर्षांची, उसना कोट, दुमडलेल्या बाह्या,
पायात कामावरचेच बूट.
तिचं काम असं, की चित्रीकरण संपलं
की सगळ्यांना जागच्या जागी थांबवायचं
आणि त्या खोलीची अर्ध्या मिनिटाची शांतता भरून घ्यायची.
फ्रिजची घरघर, कुणाच्या पोटातली गुडगुड,
शांतता रिकामी नसतेच कधी,
असं ती व्यासपीठावर बोलणार होती.
बोलली फक्त थँक्यू.

ङाहुइआ, ती सांगते.
एन, जी, मग ए, आणि ए वर रेघ.

इथे मीच अडखळतो.
माझ्या अंकलिपीत क कमळाचा होता, ख खटाऱ्याचा,
ग गवताचा, घ घराचा,
आणि मग एक पांढरा चौकोन.
बाई म्हणायच्या, ह्याने शब्द सुरू होत नाही, पुढे चला.
चाललो की पुढे, पन्नास वर्षं.
आणि पृथ्वीच्या तळाशी एका पोरीचं अख्खं नाव
त्याच चौकोनातून उठून उभं राहिलेलं.

यंत्रात ती रेघ नाही.
यूरिच बटणं दाबतात, यंत्र ऱ्हस्वावर अडून बसतं.
हेडफोनवाला डोकावतो:
फोटोवाले खोळंबलेत, रेघेशिवाय नाही का चालणार?

हुइआ हा पक्षी होता, ती म्हणते.
टोप्यांत पिसं खोवायला लोकांनी मारून मारून संपवला.
ङा म्हणजे एकाहून जास्त.
रेघ तेवढी असू द्या.

यूरिच काहीच बोलत नाहीत.
त्यांच्या आजोबांच्या आडनावात
शेवटच्या अक्षरावर एक तिरका तुरा होता.
दाल्मेशियाहून झाडांचा डिंक खणायला आले,
तेव्हा बंदरावरच्या कारकुनाने तो
टोपीसारखा उतरवून घेतला,
परत द्यायचं राहून गेलं.

यंत्र बंद.
खणातून कोरणी निघते, लाकडी मुठीची.
हात कापतो त्यांचा. पट्टीला टेकला की कापत नाही.

तिने खिशातून रेकॉर्डर काढला,
ओठांवर बोट ठेवलं.
कॉर्मॅक ट्रेसकट थांबला.
हेडफोनवाला थांबला, एक पाय उचललेला.
आत भांडी घासणारीने नळ बंद केला.

पितळातून पोलाद गेलं,
दोन मिलिमीटर,
उजवीकडे जरा चढलेलं.

मग ट्रेवरचा एक ग्लास दुसऱ्याला
उगाचच लागला, किणकिणला.
कॉर्मॅकने जीभ चावली.
तिने मान हलवली,
आणि तोही आवाज
राहू दिला.