पहिली पाळी

निकाल अठ्ठावीस पानांचा.
पहिल्या पानावर मी: मालन दगडू ओव्हाळ, वय चाळीस.
ते वय कुणी पुन्हा विचारलं नाही.
पानाबाहेर मी एक्कावन्नची झालेय.

भोसरीत, एस ब्लॉकला, आम्ही बायका
गाड्यांच्या वायरी वळायचो,
लाल, काळ्या, पिवळ्या, पोरीची वेणी घालावी तशा.
संडासाचं टोकन एकच, खिळ्याला टांगलेलं.
चाळीसजणींत एक. सात मिनिटं.
त्या दिवशी मला अठरा लागली.

नायकोडी साहेब घड्याळाखालीच उभे.
"पाळी सोडून कुठं गेली होतीस?"
म्हटलं, "सोडून नाय साहेब,
पाळी आली म्हणून गेले."
पलीकडच्या लाइनीवर कुणी तरी फिसकन हसलं.
ते हसू माझ्या नावावर लागलं.

आरोपपत्रात हसू नव्हतं.
पुरुष कर्मचाऱ्यांसमक्ष अर्वाच्य भाषा,
वरिष्ठांचा अवमान, शिस्तभंग.
चौकशी अधिकारी म्हणाले, नेमके शब्द सांगा.
सांगितले.
ते खिडकीकडं बघायला लागले,
मग टायपिस्टला म्हणाले, "टिंब टिंब टिंब टाका."

तीन टिंबांवर नोकरी गेली.

मग तारखा. भोसरीवरून मनपाची बस,
डब्यात दोन चपात्या, पिशवीत फाइल.
एका तारखेला दापोडीत रस्ता खणलेला,
पुढं खांब, पुढं खांबांवर पूल,
एकदा तर डोक्यावरून रिकामी मेट्रो गेली
आणि माझी उलटतपासणी अजून व्हायचीच होती.
तीन जज बदलले.
तुपे वकिलांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, दोन्ही डोळ्यांचं.

कंपनीचा वकील तरणा, फार अदबीचा.
"बाई, नऊ वर्षं पगार नाही. मग जगलात कशा?"
मला वाटलं, विचारपूस करतोय.
एवढ्या वर्षांत कुणी विचारलंच नव्हतं.
मी सांगत बसले: पहाटे चारला उठून
इंद्रायणीनगरच्या मेसला एकशेवीस चपात्या,
पोरीची फी आली की दीडशे.
तुप्यांनी नवे डोळे मिटून घेतले.
"एका पोळीला किती?"
"आधी दोन रुपये. मग तीन."
"म्हणजे उत्पन्न होतं."

जगलो हा पुरावा निघाला.
उपाशी मेले असते
तर पुरा मिळाला असता पगार,
कुणाला तरी.

हुकूम असा: कामावर परत घ्यावे,
सेवा अखंड धरावी,
मागील वेतन निम्मे.
'अखंड' मी पोरीकडून दोनदा वाचून घेतलं.
म्हणजे अकरा वर्षं मी त्याच टेबलाशी बसलेली,
वायरी वळत, एक दिवसही न उठता.
मग तव्यासमोर होती ती कोण?
तिचं नाव निकालात नाही,
तिच्या चपात्या आहेत, पान एकवीसवर,
त्याच्या तिथं पोळ्या झाल्यात,
आणि त्या माझ्या पगारातून वजा.

काल गेलं पाकीट उघडून
पैसे मोजले नाहीत. पोरीनं मोजले.
म्हणाली, आई, मिक्सर घेऊ.
मी म्हटलं, आधी तुप्यांची फी.
त्यांनी मागितलेली नाही, हे तिनं सांगितलं,
मला ठाऊक होतं.

आज गेटवर मशीनला बोट दिलं.
लाल दिवा. पुसून दिलं. लाल दिवा.
तव्यानं रेषा खाल्ल्यात, असं वॉचमनला सांगितलं
तर त्यानं वहीत सही घेतली, जुन्यासारखी.
आत खिळा तसाच आहे, टोकन नाही.
नायकोडी रिटायर झाले म्हणे, चाकणला बंगला.
नवा साहेब माझ्या पोरीच्या वयाचा,
खुर्ची पुढं सरकवली त्यानं, पाणी दिलं,
कॉम्प्युटरकडं बघत विचारलं,
"मावशी, पाळी कुठली देऊ?"

माझी जाऊन दोन वर्षं झाली,
हे अगदी ओठांवर आलं.
मागं वायरी वळणाऱ्या पोरींचे हात थांबलेले.
टिंब टिंब टिंब.

"पहिली," म्हटलं.